उतारवयाचा ऐवज आणि मालकाची पेढी

एन्रॉन हे नाव महाराष्ट्रात निघाले की गुहागर तालुक्यातील अंजनवेलचा वीजप्रकल्प, त्याच्या दरांवरून पेटलेले वाद आणि २००१ च्या मे महिन्यात राज्य वीज मंडळाने वीज घेणे थांबविल्यावर बंद पडलेली यंत्रसामग्री एवढेच आपल्याला आठवते. परंतु त्याच वर्षाच्या २ डिसेंबरला कंपनीने दिवाळखोरीचा अर्ज दाखल केला तेव्हा ह्यूस्टनमधील तिच्या स्वतःच्या नोकरांची नोकरी आणि आयुष्यभराची पुंजी एकाच आठवड्यात गेली, या गोष्टीची आपल्याकडे फारशी वाच्यता झाली नाही. ती व्हावयास हवी होती, कारण उतारवयाची तरतूद कोणाच्या हाती असावी हा प्रश्न एका देशापुरता किंवा एका कंपनीपुरता नाही.

या प्रश्नावर दोन मते प्रामाणिकपणे मांडता येतात, आणि ती दोन कल्पित गृहस्थांच्या मुखाने मी येथे मांडीत आहे. तात्यासाहेबांनी औद्योगिक न्यायालयात कामगारांची वकिली करण्यात उमेद घालविली. वसंतराव सनदी लेखापाल असून, बचत कोठे ठेवावी याचा सल्ला घेण्यासाठी पगारदार मंडळी त्यांच्याकडे येतात. दोघांचा स्नेह जुना आहे आणि मतभेदही तितकाच जुना आहे.

वसंतराव : तात्यासाहेब, ह्यूस्टनच्या त्या नोकरांविषयी मलाही वाईट वाटते, पण वाईट वाटणे आणि दोष ठरविणे या दोन गोष्टी वेगळ्या ठेवल्या पाहिजेत. तेथे आयकर कायद्याच्या ज्या कलमाखाली ही बचत होते त्यावरून तिला ४०१ (के) खाते म्हणतात; कामगार आपल्या पगारातील काही रक्कम त्यात टाकतो, मालक आपली भर घालतो, आणि ती रक्कम कशात गुंतवावी हे खातेदार स्वतः ठरवितो. एन्रॉनच्या योजनेत इतर अनेक पर्याय खुले होते. असे असताना २००० सालच्या अखेरीस त्या योजनेच्या एकूण मालमत्तेपैकी शेकडा ६२ इतका हिस्सा खुद्द एन्रॉनच्या शेअरांत होता, आणि त्यातला मोठा भाग नोकरांनी आपणहून विकत घेतलेला होता. ज्या कंपनीवर आपली रोजची भाकरी अवलंबून आहे तिच्याच शेअरांत म्हातारपणाची शिल्लकही ठेवणे हा अविवेक होता. दुसऱ्या कोणी तो त्यांच्यावर लादला नव्हता.

तात्यासाहेब : आपणहून, हा आपला शब्द मी तपासून घेतो. कंपनीची भर रोखीने येत नव्हती, शेअरांच्या रूपाने येत होती, आणि ते शेअर वयाला पन्नास वर्षे पूर्ण होईपर्यंत विकण्याची मुभा नव्हती. म्हणजे निदान तेवढ्या भागापुरता तरी निवड या गोष्टीचा पत्ताच नव्हता. राहिलेल्या भागाविषयी बोलायचे तर माणूस निवड करतो ती त्याच्यापुढे ठेवलेल्या माहितीवरून करतो. ती माहिती कोणी ठेवली? अध्यक्ष केनेथ ले यांनी २००१ च्या सप्टेंबरअखेर आपल्या नोकरांशी बोलताना कंपनीचा शेअर या भावाला फार स्वस्त आहे असे सांगितले, आणि त्याच वर्षी त्यांनी स्वतःचे सुमारे ७ कोटी डॉलर किमतीचे शेअर कंपनीलाच परत विकले होते. त्याच्या आदल्या महिन्यात कंपनीच्याच एका उपाध्यक्षा, शेरॉन वॉटकिन्स, यांनी हिशेबांतील लबाडीविषयी त्यांना लेखी इशारा दिलेला होता. आणि वसंतराव, ज्या हिशेबांवर ही सारी इमारत उभी होती त्यांवर आपल्याच व्यवसायातील एका नामांकित पेढीची, आर्थर अँडरसनची, सही होती. ज्या ताळेबंदाने धंदेवाईक विश्लेषक आणि बँका फसल्या, तो ताळेबंद वाचून नळमार्ग सांभाळणाऱ्या तंत्रज्ञाने सावध व्हावयास हवे होते, असे म्हणणे मला न्याय्य वाटत नाही.

वसंतराव : अँडरसनच्या सहीचा मी बचाव करणार नाही, ती सही आमच्या व्यवसायाला लागलेला डाग आहे. पण माझा सल्ला ताळेबंद वाचण्यावर अवलंबून नाही, हीच तर त्यातली मेख आहे. कंपनी उत्तम असो वा वाईट, सर्व ऐवज एका ठिकाणी ठेवू नये, हे सांगायला हिशेबाचे ज्ञान लागत नाही. आणि लोक ज्या टाळेबंदीचा इतका गवगवा करतात तिचाही विचार करू. योजनेचा व्यवस्थापक बदलावयाचा म्हणून ऑक्टोबरअखेरपासून काही दिवस खात्यांतील व्यवहार बंद ठेवण्यात आले. असा बदल करताना व्यवहार थांबवावेच लागतात. शेअरचा भाव २००० च्या ऑगस्टमध्ये ९० डॉलर होता आणि टाळे लागले तेव्हा तो १५ च्याही खाली उतरला होता. म्हणजे नव्वदातले पंचाहत्तर डॉलर खात्यांना कोणतेही टाळे नसताना गेले. सव्वा वर्षाच्या त्या घसरणीत दरवाजा उघडा होता.

हा मुद्दा बिनतोड आहे, आणि एन्रॉनची हकिकत सांगणारे बहुतेक लेखक त्याच्याकडे डोळेझाक करतात, म्हणून तो मी मुद्दाम सविस्तर येऊ दिला. परंतु त्याला तात्यासाहेबांनी जे उत्तर दिले तेही तितक्याच लक्षपूर्वक ऐकण्याजोगे आहे.

तात्यासाहेब : १६ ऑक्टोबरला कंपनीने ६१.८ कोटी डॉलरांचा तिमाही तोटा जाहीर केला. तोपर्यंत पडणारा प्रत्येक डॉलर हा बाजाराचा तात्पुरता चढउतार आहे असेच नोकरांना सांगितले जात होते. त्या दिवशी प्रथमच खरे काय ते उघड झाले, आणि पंधरवडा उलटायच्या आत खाती बंद झाली. ज्या काळात दरवाजा उघडा होता त्या काळात आत आग लागली आहे हे कोणी कळविले नाही, आणि धूर दिसू लागला तेव्हा दरवाजा लावला, असा याचा अर्थ. त्या टाळ्यामागे दुष्ट हेतू होता असे मी म्हणत नाही. पण वरिष्ठांच्या हाती खात्याबाहेर असलेल्या शेअरांना ते टाळे नव्हते, ही विषमता अमेरिकेच्या कायदेमंडळालाही सहन झाली नाही. २००२ च्या सार्बेन्स–ऑक्सली कायद्याने अशा बंदीची ३० दिवस आगाऊ सूचना सक्तीची केली, आणि कामगारांची खाती बंद असताना संचालकांनी व बड्या अधिकाऱ्यांनीही नोकरीच्या नात्याने मिळालेले आपले शेअर विकू नयेत असा निर्बंध घातला. नोकरांचीच चूक असती तर कायदा बदलण्याचे प्रयोजन काय होते?

आणि ह्यूस्टनच्याही पलीकडे पाहा. ऑरेगॉन राज्यातील पोर्टलंड जनरल इलेक्ट्रिक ही जुनी वीजकंपनी १९९७ मध्ये एन्रॉनने घेतली. तेथले तारवाले बर्फवाऱ्यात खांबावर चढून तुटलेल्या तारा जोडणारे लोक. त्यांनी वर्षानुवर्षे आपल्या कंपनीचे शेअर बाळगले ते ती घरोघर वीज पुरविणारी, स्थिर उत्पन्नाची कंपनी होती म्हणून. विलीनीकरणाच्या करारान्वये ते शेअर एन्रॉनचे झाले. वीज पुरविण्याचा धंदा चालूच राहिला, खांब उभेच राहिले, पगारही येत राहिला; आणि ज्यांनी ह्यूस्टन कधी पाहिले नव्हते त्यांची पेन्शनीची शिल्लक ह्यूस्टनमधल्या खोट्या जमाखर्चाने नाहीशी झाली.

वसंतराव : मग उपाय काय? जुनी पद्धत परत आणायची? कंपनीने आजन्म पेन्शन देण्याचे वचन द्यायचे आणि कामगाराने त्यावर निर्धास्त राहायचे? ते वचनही मी पाहिले आहे. इंडियाना राज्यातील साउथ बेंड येथे स्टुडबेकरचा मोटार कारखाना १९६३ च्या डिसेंबरमध्ये बंद झाला. पेन्शन निधीत पुरेसा पैसा नव्हता. साठीच्या पुढचे लोक पूर्ण पेन्शन घेऊन सुटले. चाळीस ते एकोणसाठ या वयाच्या सुमारे ४,००० कामगारांच्या पदरी त्यांच्या हक्काच्या शेकडा १५ इतकीच रक्कम पडली, आणि त्याहून तरुण कामगारांना काहीच मिळाले नाही. तेथे कोणी शेअर विकत घेतले नव्हते, कोणी अविवेक केला नव्हता. मालकाच्या शब्दावर विश्वास ठेवला एवढाच त्यांचा अपराध. कामगाराच्या नावावर स्वतंत्र खाते असावे ही कल्पना मला पटते ती याच कारणाने. खाते त्याचे असेल तर मालक बुडाला तरी खाते बुडत नाही.

तात्यासाहेब : खाते त्याच्या नावावर आणि खात्यातला ऐवज मात्र मालकाचा कागद, अशी स्थिती असेल तर बुडते, एन्रॉनने तेच दाखविले. स्टुडबेकरच्या अनुभवातून १९७४ मध्ये अमेरिकेने कायदा केला, वचनबद्ध पेन्शनीच्या निधीला मालकाच्या शेअरांत शेकडा १० हून अधिक रक्कम ठेवण्याची मनाई केली, आणि अशा पेन्शनींसाठी विमा-महामंडळही उभारले. पण ज्या योजनांत खातेदार स्वतः निवड करतो त्यांना ती मर्यादा लागू झाली नाही. २००६ च्या सुधारणेने मालकाने भरलेले शेअर ३ वर्षांच्या नोकरीनंतर विकण्याचा हक्क दिला. तोपर्यंत ह्यूस्टनचा निकाल लागून गेला होता. आपल्या १९५२ च्या भविष्यनिर्वाह निधीच्या कायद्याने मात्र मूळ तत्त्व आरंभीच बरोबर धरले. कामगाराच्या मूळ पगाराच्या व महागाई भत्त्याच्या शेकडा १२ आणि मालकाचे तितकेच. ही रक्कम पुढल्या महिन्याच्या १५ तारखेपर्यंत कारखान्याच्या बाहेर गेलीच पाहिजे. वेतनातून कापून घेतलेला हिस्सा मालकाने न भरता वापरला तर फौजदारी कायदा त्याला अमानतीचा अपहार समजतो. ती रक्कम मालकाची कधी नव्हतीच. ते कामगाराचे पुढे ढकललेले वेतन आहे.

वसंतराव : कायद्यात आहे, पण आपल्या वकिलीत आपण काय पाहिलेत?

तात्यासाहेब : तेही सांगतो. एका कारखान्याचे, ज्याचे नाव घेण्याचे कारण नाही, कामगार माझ्याकडे आले. प्रत्येकाच्या पगारपत्रकावर पीएफच्या रकान्यात कपात दर महिन्याला नीट छापलेली होती. पासबुक उघडले तर मार्चनंतर एकही नोंद नव्हती. बँकेची हप्तेवसुली निकडीची, कच्च्या मालाचे पैसे निकडीचे, आणि कामगाराचा निधी तेवढा थांबू शकणारा, असा मालकाने क्रम लावलेला होता. कारखाने डळमळू लागले की पहिली थकबाकी याच खात्यात दिसते, असा माझा अनुभव आहे. आजारी कंपनी ओळखण्याचे याहून खात्रीचे लक्षण मला माहीत नाही, आणि ते वाचायला सनदी लेखापाल लागत नाही.

वसंतराव : हे आपण प्रांजळपणे सांगितलेत, तर मीही माझे सर्वांत मोठे गाऱ्हाणे मांडतो. पैसा कारखान्याबाहेर गेला म्हणजे सुरक्षित झाला, हे आपले गृहीतच मला मान्य नाही. उत्तर प्रदेशातील वीज कर्मचाऱ्यांच्या निधीचे काय झाले? २०१७ च्या मार्चपासून त्यांच्या विश्वस्तांनी ४,१०० कोटींहून अधिक रुपये मुंबईच्या डीएचएफएल या गृहकर्ज कंपनीच्या मुदतठेवींत घातले, आणि ती कंपनी कोलमडली तेव्हा त्यांतले सुमारे २,२६७ कोटी अडकून पडले. सुमारे ४५,००० कर्मचाऱ्यांपैकी कोणालाही हे विचारण्यात आले नव्हते. आयएल अँड एफएस या वित्तसंस्थेच्या रोख्यांचेच उदाहरण घ्या. २०१८ च्या ऑगस्टच्या आरंभी त्यांना पतमापनाची सर्वोच्च श्रेणी होती, सप्टेंबरच्या मध्याला ती थेट थकबाकीदाराच्या श्रेणीवर आली. आणि ज्या भविष्यनिर्वाह निधींनी ते रोखे सुरक्षित समजून घेतले होते त्यांचे विश्वस्त हतबुद्ध झाले. ह्यूस्टनच्या नोकराने निदान स्वतः चूक केली; लखनौच्या नोकराची चूक दुसऱ्याने केली. पालकत्व आपण मागता, पण पालकावर देखरेख कोणी ठेवायची?

या चर्चेतील सर्वांत जड मुद्दा हाच, असे माझे मत आहे. आणि तात्यासाहेबांच्या बाजूला माझा कल असूनही त्यांचे उत्तर मला अपुरे वाटते. ते म्हणाले की लखनौच्या कर्मचाऱ्यांनी २०१९ च्या नोव्हेंबरात संप पुकारला आणि राज्य सरकारला त्यांच्या पैशाची हमी घ्यावी लागली; तसेच ज्या मोठ्या कंपन्या सवलत घेऊन स्वतःचा निधी स्वतंत्र विश्वस्त मंडळामार्फत चालवितात त्यांच्यावर, गुंतवणुकीत खोट आली तर ती भरून देण्याची अट सरकारने घातलेली आहे. दोन्ही गोष्टी खऱ्या आहेत. परंतु पहिल्या प्रकरणात जामीन राहायला सरकार होते, खाजगी कंपनीच्या कामगाराला ते नसते; आणि दुसऱ्या प्रकरणात खोट भरून देणारा मालकच नादार झाला तर ती हमी शेवटी त्याच्याच पेढीवर जाऊन थांबते. वसंतरावांनी हे तत्काळ ओळखले आणि जेट एअरवेजचा विषय काढला.

वसंतराव : १७ एप्रिल २०१९ रोजी जेटचे शेवटचे विमान उडाले. २०१६ च्या दिवाळखोरी संहितेत लिहिले आहे की कामगारांच्या भविष्यनिर्वाह, पेन्शन व ग्रॅच्युइटी निधीतून येणे असलेली रक्कम ही दिवाळ्यात काढलेल्या मालमत्तेचा भाग धरू नये. वाचायला फार समाधानकारक. पण कंपनीने ग्रॅच्युइटीचा निधी वेगळा काढलाच नसेल, नुसता वहीत आकडा टाकला असेल, तर मालमत्तेतून वगळायचे काय? भविष्यनिर्वाह निधी तरी दरमहा बाहेर जातो. ग्रॅच्युइटी, म्हणजे नोकरीच्या प्रत्येक वर्षाचे १५ दिवसांचे वेतन, कित्येक ठिकाणी शेवटच्या दिवसापर्यंत मालकाच्या तिजोरीतच असते.

तात्यासाहेब : आणि तरीही २१ ऑक्टोबर २०२२ रोजी अपील न्यायाधिकरणाने, जेट ताब्यात घेऊ पाहणाऱ्या गटाने नोकरांचा थकलेला भविष्यनिर्वाह निधी आणि ग्रॅच्युइटी द्यावी असा हुकूम केला, आणि ३० जानेवारी २०२३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने त्यात हात घालण्यास नकार दिला. बँका, पुरवठादार, गुंतवणूकदार या सर्वांच्या मागण्यांहून ही मागणी जातीने वेगळी आहे, हे आपल्या न्यायालयांनी निःसंदिग्धपणे मान्य केले. याचे मोल कमी समजू नका.

वसंतराव : कमी समजत नाही. पण त्या गटाकडून ठरलेले पैसे वेळेवर आले नाहीत, आणि ७ नोव्हेंबर २०२४ रोजी त्याच सर्वोच्च न्यायालयाला कंपनीच्या विसर्जनाचा आदेश द्यावा लागला. जे हवाई कर्मचारी, जे अभियंते, जे सामान चढविणारे कामगार साडेपाच वर्षे न्यायालयाच्या पायऱ्या चढले, त्यांच्या हातात निकालपत्र होते. निकालपत्र आणि पैसे यांतले हे अंतर कायद्याच्या पुस्तकात दिसत नाही.

तात्यासाहेब : तर मग आपण आणि मी एकाच ठिकाणी आलो. मालक सुस्थितीत असतानाच पैसा त्याच्या हातून सुटला पाहिजे. ग्रॅच्युइटीचाही दर वर्षी, वेगळ्या निधीत. दिवाळे निघाल्यावर हक्क सिद्ध करीत बसण्यात उभे आयुष्य जाते.

वसंतराव : त्याला माझी हरकत नाही. फक्त तो पैसा पुढे कोठे जातो हे ज्याचा तो आहे त्याला दर वर्षी, त्याला समजेल अशा भाषेत, लेखी कळले पाहिजे. आणि सारा ऐवज एका कर्जदाराकडे जाता कामा नये, मग त्याची श्रेणी कितीही उच्च असो.

दोघांचे येथे एकमत झाले असले तरी मूळ मतभेद मिटलेला नाही. वसंतराव अजूनही मानतात की शेवटी माणसाला निवडीचे स्वातंत्र्य द्यावे आणि तिचे फळ त्याने भोगावे. माझा निर्णय त्यांच्याविरुद्ध आहे. ज्या निवडीसाठी लागणारी माहिती दुसऱ्याच्या कपाटात बंद आहे, आणि जिची चूक दुरुस्त करायला साठाव्या वर्षी आयुष्य उरत नाही, त्या निवडीचा भार एकट्या कामगारावर टाकणे अन्यायाचे आहे. म्हणून मालकाच्या कागदात कामगारांचा निधी ठेवण्यास कायद्याने सरसकट मनाई असावी आणि ग्रॅच्युइटीची रक्कम सक्तीने विलग व्हावी, असेच मी म्हणेन. परंतु पालकावरील देखरेखीचा वसंतरावांचा प्रश्न सरकारवर सोडून देता येत नाही.

त्याचे उत्तर निदान काही अंशी आपल्याच हाती आहे. आपली कंपनी स्वतःचा निधी चालवीत असेल, तर तिच्या विश्वस्त मंडळावर कामगारांचे प्रतिनिधी मालकाच्या प्रतिनिधींइतकेच असतात. आपले प्रतिनिधी कोण आहेत हे आजच विचारून घ्या, आणि पुढल्या बैठकीपूर्वी निधीतील रोख्यांची संपूर्ण यादी त्यांनी तुमच्यासमोर वाचून दाखवावी असा आग्रह धरा. आपला निधी सरकारी कार्यालयात जात असेल, तर या महिन्याचे पगारपत्रक आणि पासबुक शेजारी ठेवून गेल्या सहा महिन्यांच्या नोंदी जुळवून पाहा. एक जरी महिना गळलेला आढळला तर सहकाऱ्यांना बरोबर घेऊन लेखी तक्रार करा, आणि हे सर्व कंपनी चालू असतानाच करा.